क्रॉसरोड्सची मालकीण

१९८१ सालचा जून महिना ब्रिटनला शांततेचा नव्हता. ब्रिक्स्टनच्या दंगलीला जेमतेम दोन महिने झाले होते, बेकारांची संख्या पंचवीस लाखांच्या पुढे गेली होती आणि राजपुत्र चार्ल्स यांच्या विवाहाची तयारी जोरात चालू होती. अशा दिवसांत तेथील लोकप्रिय वृत्तपत्रांनी पहिल्या पानावर ठळक मथळ्याखाली बातमी दिली ती एका बडतर्फीची. बडतर्फ झालेली व्यक्ती मंत्री नव्हती की एखाद्या मोठ्या उद्योगाची प्रमुख नव्हती. बर्मिंगहॅमजवळच्या किंग्ज ओक या गावातील मोटेलची ती मालकीण होती. आणि ते गाव, ते मोटेल व ती मालकीण ही तिन्ही काल्पनिक होती. 'क्रॉसरोड्स' या चित्रवाणी मालिकेत सतरा वर्षे मेग रिचर्डसनची भूमिका करणाऱ्या नोएल गॉर्डन यांच्याशी झालेला करार पुढे चालू ठेवायचा नाही, असे एटीव्ही या कंपनीने ठरविले होते. गॉर्डन त्या वेळी एकसष्ट वर्षांच्या होत्या.

एका नटीला कामावरून दूर केले ही घटना नाट्यव्यवसायात नवी नाही. परंतु या बातमीने जो क्षोभ उसळला, त्याचे स्वरूप निराळे होते. कंपनीकडे निषेधाच्या पत्रांचा आणि दूरध्वनींचा ओघ लागला. आपल्या घरातील कोणा वडीलधाऱ्या बाईला बाहेर काढले जात आहे, अशी ही भावना होती. सुशिक्षितांच्या वर्तुळात या क्षोभाची यथेच्छ थट्टा झाली. तथापि थट्टा करून संपावा इतका हा विषय हलका नव्हता. लोकांनी मोठी केलेली व्यक्तिरेखा कोणाची. ती लिहिणाऱ्यांची, ती करणाऱ्या अभिनेत्रीची, पैसे गुंतविणाऱ्या कंपनीची, की रोज सायंकाळी तिची वाट पाहणाऱ्या प्रेक्षकांची, असा हा प्रश्न होता. कायद्याच्या दृष्टीने त्याचे उत्तर सोपे आहे. व्यवहारात ते किती अवघड ठरते, हे गॉर्डन यांच्या आयुष्याकडे पाहिले म्हणजे कळते.

त्यांचा जन्म १९१९ च्या नाताळात, २५ डिसेंबर रोजी, लंडनच्या पूर्वेकडील ईस्ट हॅम येथे झाला. नाताळचा दिवस म्हणून नाव नोएल. पुढे सहकाऱ्यांनी त्याचे 'नॉली' केले. वडील व्यापारी जहाजांवर अभियंता. आईला मुलीच्या कलेविषयी विलक्षण महत्त्वाकांक्षा होती आणि मायलेकींचे हे सख्य अखेरपर्यंत टिकले. लंडनच्या राजेशाही नाट्य-अकादमीत शिक्षण घेऊन त्या रंगभूमीवर आल्या. चित्रवाणीचे एक जनक जॉन लोगी बेअर्ड यांच्या रंगीत चित्रवाणीच्या प्रयोगांत त्या कॅमेऱ्यापुढे बसल्या होत्या आणि रंगीत चित्रवाणीवर दिसलेली पहिली स्त्री म्हणून त्यांचा उल्लेख केला जातो. पण त्या काळात या पेटीकडे कोणी गंभीरपणे पाहत नव्हते. त्यांना नाव मिळाले ते संगीतप्रधान नाटकांतून. १९४९ मध्ये लंडनमध्ये गाजलेल्या 'ब्रिगाडून'मध्ये त्यांची महत्त्वाची भूमिका होती. 'कॉल मी मॅडम' घेऊन त्या देशभर फिरल्या. आवाज खणखणीत, बांधा उंच, रंगमंचावरचा वावर आत्मविश्वासाचा. मात्र पहिल्या रांगेच्या तारकांत त्यांची गणना कधी झाली नाही.

अशा वेळी त्यांनी घेतलेला एक निर्णय त्यांच्या स्वभावावर प्रकाश टाकतो. पस्तिशीला आलेल्या, बऱ्यापैकी यशस्वी असलेल्या या अभिनेत्रीने काम थांबविले आणि ती न्यूयॉर्कला चित्रवाणीचे शिक्षण घेण्यासाठी गेली. ब्रिटनमध्ये १९५५ साली जाहिरातींवर चालणारी व्यापारी चित्रवाणी सुरू झाली, तेव्हा हे नवे माध्यम आतून जाणणारी माणसे थोडी होती. गॉर्डन त्यांपैकी एक होत्या. एटीव्ही कंपनीत त्या केवळ निवेदिका म्हणून शिरल्या नाहीत. स्त्रियांसाठीच्या कार्यक्रमांची आखणी करण्यातही त्यांचा हात होता. पंतप्रधान हॅरल्ड मॅकमिलन यांची चित्रवाणीवर मुलाखत घेणारी पहिली स्त्री असाही मान त्यांना दिला जातो. १९५६ पासून 'लंच बॉक्स' हा दुपारचा गप्पागाण्यांचा कार्यक्रम त्या सादर करू लागल्या आणि मिडलंड्सच्या कारखानदारी प्रदेशात घरोघर ओळखीच्या झाल्या. एटीव्हीचे एक प्रमुख संचालक व्हॅल पार्नेल यांच्याशी त्यांचे दीर्घकाळ प्रेमसंबंध होते. विवाह मात्र झाला नाही. पुढे पार्नेल यांनी दुसरीशी विवाह केला. गॉर्डन आजन्म अविवाहित राहिल्या. त्यांच्या यशाचे श्रेय या संबंधांना देण्याची काहींना फार हौस होती. पण पार्नेल कंपनीतून गेल्यानंतरही त्या पंधरा वर्षे टिकल्या, याचा खुलासा त्या मंडळींना करता आलेला नाही.

२ नोव्हेंबर १९६४ रोजी 'क्रॉसरोड्स' सुरू झाली. हेझल अडेअर आणि पीटर लिंग हे तिचे जनक. निर्माता रेग वॉटसन हा ऑस्ट्रेलियन गृहस्थ. हेच वॉटसन पुढे मायदेशी परतले आणि त्यांनी 'नेबर्स' ही मालिका निर्माण केली. मोटारप्रवाशांना रात्रीचा मुक्काम करता येईल असे मोटेल ही कल्पना ब्रिटनमध्ये तेव्हा नवलाईची होती आणि देशभर नवे मोटाररस्ते बांधले जात होते. अशा मोटेलची मालकीण असलेली विधवा मेग, तिची मुलगी जिल, मुलगा सॅण्डी आणि येणारेजाणारे पाहुणे एवढ्या सामग्रीवर ही मालिका उभी होती. मॅंचेस्टरच्या 'कोरोनेशन स्ट्रीट'मध्ये कामगारवस्तीचे जीवन होते. इथे मध्यमवर्गीय व्यवसाय करणारी एक स्वतंत्र स्त्री केंद्रस्थानी होती. ब्रिटिश मालिकांत हे वेगळे होते आणि त्याची पुरेशी दखल समीक्षकांनी तेव्हा घेतली नाही.

दखल घेतली गेली ती मालिकेच्या दोषांची. आठवड्याला पाच भाग तयार करायचे म्हणजे काय, हे एखाद्या दैनिकाच्या संपादकालाच कळावे! चित्रफितीचे संपादन तेव्हा खर्चाचे व कटकटीचे होते. त्यामुळे प्रवेश सुरू झाला की तो शक्यतो न थांबता पार पाडायचा, असा शिरस्ता पडला. कोणी वाक्य विसरला, दाराची मूठ हाती आली, कोणी चुकीच्या नावाने हाक मारली, तरी पुढे जायचे. हलणाऱ्या भिंती आणि अडखळणारे संवाद ही 'क्रॉसरोड्स'ची ओळख बनली. खरे पाहता भिंती हलल्या त्यापेक्षा त्यांच्यावरचे विनोद अधिक झाले. या धांदलीत ज्या एका व्यक्तीचे संवाद चोख असत, जिला कॅमेरा कोठे आहे आणि किती सेकंद उरले आहेत हे न सांगता समजे, ती नोएल गॉर्डन होती. थेट प्रक्षेपणाच्या काळात घेतलेली तालीम इथे उपयोगी पडली. समोरचा नट अडखळला तर त्याचे वाक्य आपल्या वाक्यात गुंफून प्रवेश सावरण्याची कला त्यांना साधली होती. हे कसब पडद्यावर दिसत नाही. म्हणूनच त्याला पारितोषिके मिळत नाहीत.

नियामक मंडळातील विद्वानांना या मालिकेची लोकप्रियता खुपत होती. १९६७ साली आठवड्याचे भाग पाचावरून चारावर आणण्यात आले आणि १९८० मध्ये ते तीनवर आले. दर्जा सुधारावा हा हेतू सांगितला गेला. हेतू प्रामाणिक असेलही. परंतु लोकांना आवडते ती गोष्ट कमी करून दिली की लोकांची अभिरुची उंचावते, ही समजूत नियामकांच्या जगात सगळीकडे आढळते आणि तिला यश आल्याचे उदाहरण दुर्मीळ आहे. सत्तरच्या दशकात ही मालिका दीड कोटीच्या आसपास लोक पाहत होते. १९६८ मध्ये लंडनच्या थेम्स कंपनीने ती बंद केली, तेव्हा तक्रार करणाऱ्यांत खुद्द पंतप्रधान हॅरल्ड विल्सन यांच्या पत्नी मेरी विल्सन होत्या. काही महिन्यांतच कंपनीला ती पुन्हा सुरू करावी लागली. मात्र मध्यंतरी पडलेल्या खंडामुळे राजधानीतले प्रेक्षक कित्येक वर्षे बर्मिंगहॅमच्या मागे राहिले. बर्मिंगहॅमकरांना या गोष्टीचा किती आनंद झाला असेल, याची कल्पना करता येते.

मालिकेतील घटना पुष्कळदा अतिरंजित असत. मेगला बेदरकार मोटार चालविल्याबद्दल तुरुंगवास घडला. दुसऱ्या नवऱ्याने तिला विष घालण्याचा प्रयत्न केला. तिसरा अतिरेक्यांच्या ताब्यात असताना हृदयविकाराने वारला. एवढ्या आपत्ती कोसळूनही बाई दुसऱ्या दिवशी केस व्यवस्थित बसवून स्वागतकक्षात हजर! पण याच मालिकेने काही गोष्टी अशा केल्या की ज्या 'दर्जेदार' म्हणविणाऱ्या नाटकांना सुचल्या नव्हत्या. १९७० साली मेगची मानसकन्या म्हणून मेलनी नावाची कृष्णवर्णीय तरुणी मोटेलमध्ये आली. ती भूमिका क्लिओ सिल्व्हेस्टर यांनी केली. दोनच वर्षांपूर्वी, एप्रिल १९६८ मध्ये, इनॉक पॉवेल यांनी याच बर्मिंगहॅम शहरात स्थलांतरितांविरुद्धचे कुप्रसिद्ध भाषण केले होते. त्या शहरातून निघणाऱ्या मालिकेत गोरी मालकीण एका काळ्या मुलीला आपली मुलगी म्हणते, हे कोट्यवधी लोकांनी चहा घेता घेता पाहिले. त्याचा परिणाम मोजण्याचे साधन नाही. परंतु तो शून्य होता असे म्हणण्याचे धाडस कोणी करू नये.

दुसरे उदाहरण सॅण्डीचे. १९७२ मध्ये मोटार अपघातात तो अपंग होतो आणि चाकाच्या खुर्चीत वावरू लागतो, असे कथानकात दाखविण्यात आले. मालिका असल्याने दोन महिन्यांत तो चालू लागेल अशीच अपेक्षा होती. तसे झाले नाही. तो खुर्चीतच राहिला, काम करीत राहिला. अपंगाची सेवा करणाऱ्या घरच्या माणसांना घटकाभर विसावा कसा मिळणार, हा प्रश्न त्यातून पुढे आला आणि एटीव्हीने दिलेल्या दहा हजार पौंडांतून १९७४ साली रग्बी या गावी अशा कुटुंबांना मदत करणारी एक योजना सुरू झाली. तिने मालिकेचेच नाव घेतले. पुढे ती योजना देशभर पसरली आणि मालिका बंद पडल्यावरही अनेक वर्षे 'क्रॉसरोड्स' या नावानेच चालली. नाटकाने समाजसुधारणा होते की नाही, यावर परिसंवाद भरविणाऱ्यांनी हे उदाहरण विचारात घेण्याजोगे आहे. दैवदुर्विलास असा, की सॅण्डीची भूमिका करणारे रॉजर टॉंग हे तरुण अभिनेते १९८१ च्या आरंभी कर्करोगाने वारले. पडद्यावरच्या आईचा पुत्रवियोग असा प्रत्यक्षात उतरला आणि त्यानंतर चार महिन्यांनी तिलाही घर सोडण्यास सांगण्यात आले.

गॉर्डन यांच्या लोकप्रियतेचा कळस १९७५ मध्ये दिसला. मेग आणि ह्यू मॉर्टिमर यांचा विवाह बर्मिंगहॅमच्या सेंट फिलिप कॅथिड्रलमध्ये चित्रित करण्यात आला. हे लग्न खोटे आहे हे सर्वांना ठाऊक होते. तरीही रस्त्यावर हजारोंची गर्दी लोटली आणि शहराचा तो भाग काही काळ जणू राजघराण्याच्या विवाहासारखा सजला. मोटारचालकाच्या छोट्या भूमिकेत लॅरी ग्रेसन हे विनोदी नट आले होते. पॉल मॅकार्टनी यांनी टोनी हॅच यांची शीर्षकधून आपल्या पद्धतीने ध्वनिमुद्रित केली, तीही त्याच वर्षी. त्या धुनीची कुचेष्टा करणाऱ्यांना बीटल्समधील एकाने ती उचलावी याचे फार आश्चर्य वाटले. 'टीव्ही टाइम्स' साप्ताहिकाच्या वाचकांनी तर गॉर्डन यांना आठ वेळा आपला कौल दिला.

अशी सत्ता हाती आली की तिचा वापरही होतो. चित्रीकरणाच्या जागी गॉर्डन यांचा दरारा होता. संवाद पटला नाही तर त्या बदलून मागत. मेग असे बोलणार नाही, हे त्यांचे म्हणणे शेवटचे मानले जाई. नव्या नटांना त्या शिकवीत, आजाऱ्याची विचारपूस करीत, आणि शिस्त मोडणाऱ्याची हजेरीही घेत. मोटेलची मालकीण आणि ती भूमिका करणारी स्त्री यांच्यातली सीमारेषा पुसट होत गेली. त्यांना हेकेखोर म्हणणारेही होते. पुरुष निर्मात्याच्या अंगी हेच गुण असते तर त्यांना कर्तबगारी म्हटले गेले असते, हे येथे नमूद केले पाहिजे. मात्र दुसरी बाजूही आहे. जी मालिका एका व्यक्तीवाचून चालूच शकत नाही, ती त्या व्यक्तीबरोबर म्हातारी होते. आणि कंपनीला ही चिंता वाटणे अस्वाभाविक नव्हते.

१९८० च्या अखेरीस नियामक मंडळाने एटीव्हीला परवाना दिला, पण कंपनीची फेररचना करण्याच्या अटीवर. १ जानेवारी १९८२ पासून तिचे रूपांतर 'सेंट्रल' या नव्या कंपनीत व्हायचे होते. कार्यक्रमप्रमुख चार्ल्स डेंटन हे माहितीपटांच्या क्षेत्रातून आलेले. जॉन पिल्जर यांच्या धारदार माहितीपटांशी त्यांचा संबंध होता. मोटेलमधल्या मध्यमवर्गीय सुखदुःखांत त्यांना रस असण्याचे कारण नव्हते. जुन्याची सफाई करून नव्याने सुरुवात करावी, हा विचार त्यांच्या दृष्टीने तर्कशुद्ध होता. तर्कशुद्ध नव्हती ती रीत. सतरा वर्षे जिच्या नावावर जाहिराती विकल्या, तिला पटेल असे कारण देण्याचे सौजन्य कंपनीने दाखविले नाही. आपल्याला का काढले, हा प्रश्न गॉर्डन यांना अखेरपर्यंत छळत राहिला. वय झाले म्हणावे तर वर्षानुवर्षे अग्रक्रम देणारे प्रेक्षक तसे म्हणत नव्हते. गंमत अशी, की ज्या नोव्हेंबरात मेग पडद्यावरून गेली, त्याच नोव्हेंबरात अमेरिकेत जोन कॉलिन्स ही अठ्ठेचाळीस वर्षांची ब्रिटिश नटी 'डायनॅस्टी' मालिकेत दाखल झाली आणि प्रौढ, हुकमी, श्रीमंत स्त्री ही व्यक्तिरेखा त्या दशकाचे सर्वांत किफायतशीर भांडवल ठरली. असे भांडवल एटीव्हीच्या घरात सतरा वर्षे पडून होते.

मेगला घालवायचे कसे, हा प्रश्न उरला. ५ नोव्हेंबरला, म्हणजे ब्रिटनमध्ये घरोघरी दारूकाम चालते त्या दिवशी, मोटेलला आग लागल्याचे दाखविण्यात आले. मेग आत होती की नाही, हे गुलदस्तात ठेवले गेले. ती जळून मेली असेच बहुतेकांना वाटले. पण लोकांचा रोष एवढा होता की तिला मारण्याचे धैर्य कंपनीला झाले नाही. ११ नोव्हेंबर १९८१ च्या भागात मेग जिवंत असल्याचे उघड झाले. मुलीचा निरोप घेऊन ती 'क्वीन एलिझाबेथ दोन' या जहाजातून न्यूयॉर्कला निघाली. पस्तिशीत यश बाजूला ठेवून जी स्त्री एकेकाळी न्यूयॉर्कला गेली होती, तिला एकसष्टाव्या वर्षी कंपनीने त्याच दिशेला रवाना केले.

गॉर्डन घरी बसल्या नाहीत. लेस्टरच्या हेमार्केट नाट्यगृहात त्या 'जिप्सी'मध्ये उभ्या राहिल्या. मुलीला तारका बनविण्यासाठी आयुष्य वेचणाऱ्या आईची ती भूमिका आहे आणि ती त्यांनी का निवडली असावी हे सांगण्याची आवश्यकता नाही. 'कॉल मी मॅडम' त्यांनी तीस वर्षांनंतर पुन्हा केले आणि १९८३ मध्ये लंडनच्या व्हिक्टोरिया पॅलेसपर्यंत नेले. त्याच वर्षी कंपनीने त्यांना मालिकेत बोलाविले, पण थोड्याच वेळापुरते: व्हेनिसमध्ये मधुचंद्रासाठी गेलेल्या जिलला तिची आई भेटते, एवढाच प्रवेश. निर्माते बदलल्यावर १९८५ साली मेगला परत आणण्याचे ठरत होते. तोवर कर्करोगाने त्यांना ग्रासले होते. १४ एप्रिल १९८५ रोजी, वयाच्या पासष्टाव्या वर्षी, बर्मिंगहॅम येथे त्यांचे निधन झाले. रॉस-ऑन-वाय येथील सेंट मेरी चर्चच्या आवारात आईच्या शेजारी त्यांचे दफन झाले. दोन महिन्यांपूर्वीच बीबीसीवर 'ईस्टएण्डर्स' सुरू झाली होती. लंडनच्या पूर्व भागात, म्हणजे गॉर्डन जिथे जन्मल्या त्याच मुलखात घडणारी.

मेगवाचून 'क्रॉसरोड्स' साडेसहा वर्षे चालली. नवे निर्माते आले, नवी शीर्षके आली, नवी पात्रे आली. ४ एप्रिल १९८८ रोजी ती बंद झाली. तोपर्यंत एकंदर ४,५१० भाग झाले होते. दरम्यान व्हिक्टोरिया वुड या विनोदी लेखिकेने 'एकॉर्न अँटिक्स' या प्रहसनातून तिची अशी नक्कल केली, की पुढच्या पिढीला मूळ मालिकेपेक्षा नक्कलच अधिक ठाऊक झाली. २००१ मध्ये मालिका पुन्हा सुरू करण्याचा प्रयत्न झाला. २००३ पर्यंत तो आटोपला. मग २०२३ च्या फेब्रुवारीत रसेल टी. डेव्हिस यांनी 'नॉली' ही तीन भागांची नाट्यमालिका लिहिली, हेलेना बॉनहॅम कार्टर यांनी गॉर्डन यांची भूमिका केली, आणि जे समीक्षकांचे वर्तुळ चाळीस वर्षांपूर्वी हसत होते, त्याच्याच वारसांनी तिचे कौतुक केले. बडतर्फीचे कारण काय, याच प्रश्नाभोवती डेव्हिस यांनी सारी मालिका रचली आहे आणि कागदपत्रांत न सापडलेले उत्तर नाटककाराच्या अधिकाराने दिले आहे.

मूळ मालिका आता पूर्णपणे पाहता येत नाही. चित्रफिती महाग असल्याने त्या काळी जुने चित्रण पुसून त्यांवर नवे चित्रण करीत. साठच्या दशकातले बहुतेक भाग असेच पुसले गेले. विधवा मेगने मोटेल उभे केले ती सुरुवातीची वर्षे त्यांतच गेली.